कोळंबीवाचून नासी गोरेंग

प्रश्न : बालीच्या सहलीत हॉटेलच्या नाश्त्याला रोज नासी गोरेंग असायचा. त्यात कोळंबीची पेस्ट असते असं कळल्यावर आम्ही शाकाहारी मंडळींनी त्याला हात लावला नाही. परत आल्यावर इथल्या एका हॉटेलात ‘व्हेज नासी गोरेंग’ मागवला, तर समोर आला तो शेजवान राईसच, वर पापड खोचलेला. कोळंबी न घालता खरा नासी गोरेंग होतो का? घरी कसा करायचा? – एक वाचक भगिनी, ठाणे

उत्तर : होतो, आणि चांगला होतो. तुमच्या ताटलीतला भात फसला त्याला कोळंबी जबाबदार नाही. त्यात केचाप मानिस नव्हतं आणि धड वाटण नव्हतं, म्हणून तो शेजवान राईस झाला. या दोन गोष्टी जमल्या की निम्म्याहून जास्त काम झालं.

केचाप मानिस हा जावा बेटावरचा गोड सोया सॉस. काळा, दाट, बाटली उलटी केली तरी घाई न करणारा. नाव ऐकून टोमॅटो केचप ओतू नका. आंबवलेल्या सोयाबीनच्या सॉसमध्ये माडाचा किंवा अरेन नावाच्या ताडाचा गूळ भरपूर घालून हा आटवतात, त्यात चक्रफुलासारखे मसाले असतात. सोया सॉस चिन्यांबरोबर जावात गेला आणि तिथे गोड झाला. मध्य जावातल्या लोकांची जीभ गोडाकडे झुकलेली आहे, त्यांच्या भाज्या-कालवणांतही गूळ सढळ हाताने पडतो. नासी गोरेंगचा तपकिरी रंग, गोडसर चव आणि किंचित करपल्यासारखा वास या एका बाटलीतून येतो.

दुसरी गोष्ट वाटणाची. त्याला तिकडे बुम्बू म्हणतात. छोटे लाल कांदे, लसूण, ओल्या लाल मिरच्या, केमिरी नावाची तेलकट बी आणि तेरासी, म्हणजे तुम्ही म्हणता ती कोळंबीची पेस्ट. चोबेक नावाच्या चपट्या दगडी ताटलीत छोट्या दगडी बत्त्याने हे सगळं रगडतात. कुटत नाहीत, पाट्यावर रगडतो तसं मागेपुढे रगडतात. त्यामुळे वाटण अगदी गंध होत नाही, त्यात थोडा रवाळपणा राहतो. मिक्सर वापरायला हरकत नाही, फक्त थांबून थांबून फिरवा.

दोघांना पोटभर होईल असं प्रमाण सांगते. एक वाटी तांदळाचा, आदल्या दिवशी शिजवून फ्रीजमध्ये ठेवलेला भात घ्या. वाटणासाठी सांबारात घालतात ते छोटे कांदे सहा-सात, लसणाच्या तीन पाकळ्या, दोन ओल्या लाल मिरच्या, रंगासाठी गरम पाण्यात भिजवलेल्या दोन बेडगी मिरच्या आणि केमिरीच्या जागी तीन-चार काजू. केमिरी इकडे सहज मिळत नाही. कुठे मिळालीच तर कच्ची चाखून पाहू नका, पोट बिघडतं, ती शिजवूनच खायची असते. वाटताना पाणी अजिबात घालू नका. पातं अडलं तर चमचाभर तेल घाला. पाणी पडलं की वाटण परतलं जाण्याऐवजी शिजत बसतं आणि कच्च्या कांद्याचा वास शेवटपर्यंत जात नाही.

लोखंडी कढईत तीन मोठे चमचे तेल तापवा आणि मध्यम आचेवर वाटण परता. इथे घाई करू नका. पहिल्या मिनिटाला डोळ्यांत पाणी आणणारी वाफ येते. मग वाटण गोळा होऊन कढईला चिकटू पाहतं, उलथन्याने खरवडत राहावं लागतं. पाच-सहा मिनिटांनी रंग विटकरी होतो, कडेने तेल सुटतं आणि कांद्याचा उग्रपणा जाऊन गोडसर वास येऊ लागतो. या वासाची वाट पाहायची, घड्याळाची नाही.

मग आच पूर्ण मोठी करून हाताने मोकळा केलेला थंड भात त्यात घाला. उलथन्याच्या पाठीने तो कढईत पसरा, अर्धा मिनिट तसाच राहू द्या, मग उलटा. सतत ढवळलं तर शितं मोडतात आणि कढईही गार पडते. प्रत्येक शिताला वाटण लागलं की दोन मोठे चमचे केचाप मानिस कढईच्या कडेने सोडा, भातावर ओतू नका. तापलेल्या लोखंडावर त्यातला गूळ चरचरतो, क्षणभर जळल्यासारखा वाटतो, तेवढ्यात भात त्यावर ओढून घ्यायचा. लहान चमचाभर साधा सोया सॉस घाला आणि चव घेऊनच मीठ, कारण दोन्ही सॉस खारट असतात. मूठभर उभा चिरलेला कोबी आणि कांद्याची पात टाकून दोन मिनिटांत उतरवा. वर कुरकुरीत तळलेला कांदा हवाच. बाजूला काकडी-टोमॅटोच्या चकत्या आणि जमलं तर आचार, म्हणजे काकडी-गाजराचे तुकडे मीठ, साखर आणि व्हिनेगरमध्ये अर्धा तास मुरवलेले. या गोड-तिखट भाताला आंबट काहीतरी लागतंच.

चार जणांचा भात एकाच कढईत टाकू नका. घरच्या शेगडीला तेवढी धग नसते, भात वाफेवर गिचका होतो. जाकार्ताचा गाडीवाला त्याच्या भल्या मोठ्या आचेवरसुद्धा बहुधा एकदोन ताटल्यांचाच भात परततो.

भाज्यांबद्दल माझं मत थोडं कडक आहे. आपल्याकडे ‘व्हेज’ म्हटलं की सिमला मिरची, मटार, फरसबी, बेबी कॉर्न यांची झुंबड उडते. नासी गोरेंग हा भाताचा पदार्थ आहे, त्यात भाजी नावापुरती असते. कोबी, मोहरीच्या जातीची सावी ही पालेभाजी, कांद्याची पात, बस्स. जास्त भाजी खायची असेल तर वेगळी करून शेजारी वाढा. भातात घातलीत तर ती पाणी सोडते आणि आधीची सगळी मेहनत वाया जाते.

प्रश्न : पण मग तेरासीची जी खास चव असते, तिचं काय? ती नुसती वगळून चालेल? – तेच पत्र, ताजा कलम

उत्तर : वगळून चालेल, पण काहीतरी राहून गेल्यासारखं वाटेल. तेरासी म्हणजे बारीक कोळंबी मिठात आंबवून, उन्हात वाळवून, कुटून केलेल्या वड्या. वास भयंकर, पण भाजून तेलात परतल्यावर ती मागे राहून बाकी चवींना भरीवपणा देते. हा भरीवपणा येतो ग्लुटामेटमुळे. प्रथिनं आंबताना ती फुटतात आणि ग्लुटामेट सुटं होतं. म्हणजे आपल्याला कोळंबी नको असली तरी आंबवणं हवंच आहे, आणि ते सोयाबीनचंही करता येतं.

इंडोनेशियातच याची सोय आहे. ताउचो नावाची आंबवलेल्या सोयाबीनची खारट, पातळसर चटणी तिथे सर्रास वापरतात. ती मिळाली तर लहान चमचाभर वाटणाबरोबर परता. नसेल तर जपानी मिसो, गडद रंगाचा. मिसो आता मोठ्या शहरांतल्या दुकानांत मिळतो. वाळवलेले शिताके मशरूम घरात असतील तर एकदोन मशरूम कोरडेच भाजून मिक्सरमध्ये पूड करा आणि अर्धा लहान चमचा घाला. मिसो आणि मशरूम एकत्र आले तर चव दोघांच्या बेरजेपेक्षा जास्त होते, कारण वाळलेल्या मशरूममधलं ग्वानिलेट हे द्रव्य ग्लुटामेटची चव वाढवतं. तेरासीत कोळंबीतलं असंच एक द्रव्य हेच काम करतं.

जावातल्या घरगुती स्वयंपाकात आणखी एक युक्ती आहे. टेंपे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची वडी, जुना होऊन उग्र वास मारू लागला की तिथे तो फेकून देत नाहीत. त्याला तेंपे सेमांगित म्हणतात आणि मसाल्यासारखा वापरतात. केदिरी शहराचं साम्बाल तुम्पांग (साम्बाल म्हणजे मिरचीची चटणी) त्याच्यावरच उभं आहे. आपण मात्र घरी हा प्रयोग करायला नको, कोणती बुरशी चांगली आणि कोणती वाईट हे ओळखायला पिढ्यांची सवय लागते.

आणि हो, अजिनोमोटो. त्याला घाबरायचं काही कारण नाही, चिमूटभर घालायला हरकत नाही. ते पूर्ण शाकाहारी ग्लुटामेट आहे, उसाच्या मळीसारख्या पदार्थांपासून आंबवून केलेलं. तिकडचे गाडीवाले ते मोकळ्या हाताने टाकतात. मी मिसो पसंत करते, कारण त्याला स्वतःची अशी चव आहे.

प्रश्न : आमच्याकडे फक्त इंद्रायणी तांदूळ असतो. चालेल का? आणि शिळाच भात का हवा? – एक वाचक, तळेगाव

उत्तर : इंद्रायणीचा वास सुरेख, पण तो चिकट. परतला की गोळे होतात. आंबेमोहराचंही थोडंफार तेच. बासमती उलट टोकाला, फार सुटा आणि स्वतःच्या वासाचा आग्रह धरणारा. नासी गोरेंगला मधला तांदूळ हवा : कोलम, सोना मसुरी किंवा साधा परमल. इंडोनेशियात 1980च्या दशकाच्या अखेरीपासून आयआर-64 हे वाण प्रचंड प्रमाणात पिकवलं गेलं. फिलिपाइन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेत तयार झालेलं हे वाण भारतातही वर्षानुवर्षं पिकतं आणि किराणा दुकानात कधी त्याच नावाने, कधी परमल म्हणून मिळतं. तेव्हा जावाचा तांदूळ शोधायला लांब जायला नको.

शिळा भात का, तर शिजताना तांदळातलं स्टार्च फुगून मऊ होतं आणि गार झाल्यावर, विशेषतः फ्रीजच्या तापमानाला, ते पुन्हा घट्ट बांधलं जातं. शीत टणक होतं, वरचा ओलावा उडतो, म्हणून ते परतताना मोडत नाही आणि सॉस शोषून घेतं. फोडणीच्या भातासाठी आपल्या आज्यांनी हेच ओळखलं होतं. भात मुद्दाम करायचा असेल तर एका वाटीला दीड वाटीच पाणी घ्या, शिजल्यावर परातीत पसरून पंख्याखाली गार करा आणि फ्रीजमध्ये ठेवा.

मात्र रात्रभर ओट्यावर ठेवलेला भात वापरू नका. बॅसिलस सेरियस या जिवाणूचे बीजाणू शिजवूनही मरत नाहीत. उबदार हवेत भात उघडा राहिला की ते वाढतात, आणि त्यांचं एक विष असं आहे की दुसऱ्या दिवशी कितीही परतलंत तरी ते नष्ट होत नाही. शिजवल्यापासून तासा-दोन तासांत भात फ्रीजमध्ये गेला पाहिजे. मुंबई-कोकणच्या उकाड्यात तर नक्कीच.

प्रश्न : केचाप मानिस आमच्या गावात कुठेच मिळत नाही. – एक वाचक भगिनी, सावंतवाडी

उत्तर : तुमच्यासारखं नशीब पुण्या-मुंबईकरांचं नाही. तुमच्या बाजारात माडाचा गूळ मिळतो, आणि जावाचा गूळही बहुतांशी माडाच्या रसाचाच असतो. गोव्यातला तो काळपट, शंकूच्या आकाराचा गूळ तर या कामाला उत्तम.

एक वाटी सोया सॉस, सव्वा वाटी किसलेला माडाचा गूळ, पाव वाटी पाणी, एक चक्रफूल, दालचिनीचा बोटभर तुकडा, ठेचलेल्या दोन लसूण पाकळ्या आणि आल्याच्या दोन चकत्या. कुळिंजन मिळालं तर आल्याऐवजी ते, चव जास्त जवळची येते. सगळं जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर बारा-पंधरा मिनिटं ठेवा. पातेलं मोठं घ्या, कारण हे मिश्रण दुधासारखं एकदम वर येतं आणि ओटा पुसता पुसता पुरेवाट होते. चमच्याच्या पाठीवर थर राहिला, त्यावर बोटाने रेघ ओढल्यावर ती मिटली नाही, की उतरवा. पातळ वाटेल, पण गार झाल्यावर घट्ट होतं. जास्त आटवलंत तर बाटलीतून काढायला सुरी लागेल. गाळून फ्रीजमध्ये ठेवा, महिनाभर सहज टिकतं.

सोया सॉस घेताना बाटलीमागचं लेबल वाचा. पाणी, मीठ, रंगासाठी कॅरॅमल आणि ‘हायड्रोलाइज्ड व्हेजिटेबल प्रोटीन’ एवढंच लिहिलेलं असेल तर तो आंबवलेला सॉस नाही. सोयाबीन, गहू, मीठ, पाणी असं लिहिलेलं शोधा. किंमत जास्त पडते, पण इथे सॉस हाच मसाला आहे. गव्हाचं पथ्य असणाऱ्यांनी मात्र यातला गहू लक्षात ठेवावा.

उसाचा गूळ चालतो. चव साधी लागते, धुरकट खमंगपणा येत नाही. साखरेने करू नका.

प्रश्न : वर अंडं घालतात ना? आम्ही अंडंही खात नाही. – एक वाचक, सोलापूर

उत्तर : घालतात, बहुधा अर्धवट तळलेलं, बलक वाहता राहील असं. खाताना तो बलक भातात कालवून घेतात, तिखटपणा त्याने सौम्य होतो. तुम्ही त्या जागी टेंपे घ्या. माझ्या मते तो अंड्यापेक्षा या भाताला जास्त शोभतो.

टेंपे हा जावाचाच शोध. शिजवलेल्या सोयाबीनला रायझोपस ही बुरशी लावून केळीच्या किंवा सागाच्या पानांत गुंडाळून ठेवतात. एक-दोन दिवसांत पांढऱ्या तंतूंनी सोयाबीन घट्ट बांधलं जातं आणि वडी तयार होते. वास मशरूमसारखा. आता अनेक ठिकाणी पानाऐवजी प्लॅस्टिकची पिशवी आली आहे, पण पानातल्या टेंपेला वेगळा वास असतो असं जावातले लोक सांगतात. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला लिहिलेल्या ‘सेरात चेंतिनी’ या जावानी ग्रंथात त्याचा उल्लेख आहे.

आपल्याकडे मोठ्या शहरांत तो गोठवलेला मिळतो. बोटाएवढ्या पट्ट्या कापून, धने, लसूण आणि मीठ वाटून कालवलेल्या पाण्यात वीस मिनिटं बुडवा, निथळून चांगल्या तापल्या तेलात तळा. बाहेरून कडक, आतून मऊ. हे धने-लसणाचं पाणी जावातल्या घराघरांत वापरतात, त्यावाचून टेंपे बेचव लागतो. टेंपे मिळाला नाही तर घट्ट टोफू. पनीर घालू नका. त्याची दुधाळ चव सोया सॉसशी भांडते.

प्रश्न : वर जो मोठा पापड लावतात तो शाकाहारी असतो का? – एक विद्यार्थी, पुणे

उत्तर : बहुतेक वेळा नसतो. सर्वांत प्रसिद्ध क्रुपुक कोळंबीचा असतो, तोच गुलाबी-पांढरा, फुगलेला. शाकाहारी हवा असेल तर एम्पिंग मागवा. मेलिंजो झाडाच्या बिया ठेचून चपट्या करून वाळवतात, तळल्यावर किंचित कडसर लागतात. नाहीतर आपला तांदळाचा पापड तळा, कोणी नाव ठेवणार नाही.

परदेशी डबे-बाटल्या घेताना हिरवं चिन्ह पाहाच, पण परदेशातून कोणी भेट म्हणून आणलं तर ते चिन्ह नसतं. तेव्हा लेबलवर हे शब्द शोधा : तेरासी किंवा बेलाचान म्हणजे कोळंबीची पेस्ट, उदांग म्हणजे कोळंबी, एबी म्हणजे सुकी कोळंबी, इकान म्हणजे मासा, तिराम म्हणजे कालवं, आयाम म्हणजे कोंबडी. साम्बालच्या बाटल्यांत तेरासी असण्याची शक्यता फार. नुसत्या मिरची-मिठाचं साम्बाल उलेक त्यातल्या त्यात सुरक्षित.

प्रश्न : पुढच्या महिन्यात बाली-योग्यकार्ताला जातोय. तिथे शाकाहारी नासी गोरेंग मागायचा कसा? – एक दाम्पत्य, नाशिक

उत्तर : ‘व्हेज’ म्हणून मागितलात तर मांसाचे तुकडे नसलेला मिळेल, पण वाटणात तेरासी असेल. तिथल्या आचाऱ्याच्या लेखी तेरासी हा मसाला आहे, तो फसवत नाही. बालीचे लोक हिंदू म्हणजे शाकाहारी, हाही आपल्याकडचा नेहमीचा गैरसमज; ते शाकाहारी नाहीत. म्हणून नेमकं सांगा : ‘तांपा तेरासी, तांपा उदांग, तांपा इकान.’ तांपा म्हणजे ‘शिवाय’. वाटण आधीच करून ठेवलेलं असेल तर आचारी मान हलवेल, तेव्हा पुढच्या दुकानात जा. बालीत उबुदसारख्या ठिकाणी पूर्ण शाकाहारी खानावळी भरपूर आहेत. मोठ्या शहरांत चिनी बौद्ध लोकांची शाकाहारी हॉटेलंही असतात.

रात्री रस्त्यावर टक-टक आवाज आला तर खाली उतरून बघा जरूर. नासी गोरेंगवाला गाडी ढकलत गल्लीतून जातो आणि हाळी देण्याऐवजी ठोके वाजवतो, त्यावरून त्याच्या भाताचं नावच ‘तेक-तेक’ पडलं आहे. काचेच्या कपाटात अंडी आणि पालेभाजी, एक कढई, झाकणाला भोक पाडलेली केचापची बाटली. तो एवढंच विचारतो : पेदस? म्हणजे तिखट का? मान डोलावण्याआधी विचार करा, तिथल्या मिरच्या लहान असतात पण सोलापूरकरालाही घाम फोडतात.

पेते हा शब्द कानावर पडला तर घाबरू नका. त्या उग्र वासाच्या हिरव्या बिया असतात, मणिपूरच्या योंगचाकच्या भाऊबंद. शाकाहारी आहेत आणि त्या घातलेला नासी गोरेंग बराच लोकप्रिय आहे. एकदा खाऊन पाहा. वास दुसऱ्या दिवशीपर्यंत सोबत करतो.

प्रश्न : कांदा-लसूण न घालता? – एक जैन कुटुंब, सांगली

उत्तर : अवघड, पण पूर्ण अशक्य नाही. चिनी परंपरेतले शाकाहारी बौद्धही कांदा-लसूण टाळतात, तेव्हा इंडोनेशियात याचा पायंडा आहे. ते आलं, मशरूम आणि सेलरीच्या पानांवर भागवतात. तुमच्याकडे आलं आणि मशरूमही चालणार नाहीत. म्हणून लाल मिरची, काजू आणि एक पिकलेला टोमॅटो वाटा, तेलात आधी हिंग जरा जास्त, चिमूटभर सुंठ, मग वाटण अगदी कोरडं होईपर्यंत परता. शेवटी कोबी आणि सेलरीची पानं. घरचं केचाप मानिस करणार असाल तर त्यातूनही लसूण-आलं वगळा. मात्र सोया सॉस हा आंबवलेला पदार्थ आहे, तो घरात चालतो का हे आधी ठरवा. त्याच्याशिवाय केलेल्या भाताला मी नासी गोरेंग म्हणणार नाही.

प्रश्न : हा पदार्थ मुळात इंडोनेशियाचा की चीनचा? – एक निवृत्त शिक्षक, कोल्हापूर

उत्तर : भात परतण्याची रीत आणि कढई चिनी व्यापाऱ्यांबरोबर आली, यावर फारसं दुमत नाही. त्यात केचाप मानिस, तेरासी आणि साम्बाल पडलं तेव्हा तो इंडोनेशियाचा झाला. तो एकच एक पदार्थही नाही. सुरबाया आणि मकास्सरकडे तो टोमॅटोच्या सॉसने लाल असतो, आचेहकडे मसालेदार, योग्यकार्ताकडे त्यात नूडल्स मिसळून मागेलांगान होतो. घरी सकाळी रात्रीच्या उरलेल्या भाताचा करतात, बाहेर रात्री गाडीवर खातात.

डचांनी तो नेदरलँड्सला नेला आणि तिथे तो आता सुपरमार्केटच्या डब्यात मिळतो. 1890 पासून जावातले मजूर डचांच्याच सुरिनाम वसाहतीत नेले गेले, त्यांच्याबरोबर तो दक्षिण अमेरिकेत पोचला. त्याच सुरिनाममध्ये 1873 पासून भोजपुरी मुलखातले गिरमिटियाही गेले होते, त्यामुळे तिथल्या बाजारात रोटी आणि नासी शेजारी शेजारी विकले जातात.

मोठ्या माणसांच्या कौतुकाचा हिशेब करायचा तर बराक ओबामांचं लहानपणीचं काही वर्षांचं वास्तव्य जाकार्तात होतं. 2010 साली अध्यक्ष म्हणून तिथे गेल्यावर मेजवानीच्या भाषणात त्यांनी नासी गोरेंगची आवर्जून आठवण काढली. आणि जुलै 2019 मध्ये, निवडणुकीची धूळ खाली बसत असताना, माजी राष्ट्राध्यक्ष मेगावती सुकर्णोपुत्री यांनी विरोधी गोटातल्या प्राबोवो सुबियांतो यांना घरी बोलावून नासी गोरेंग खाऊ घातला. तिथल्या वृत्तपत्रांनी तेव्हा ‘नासी गोरेंग राजकारण’ असा मथळाच रूढ केला. प्राबोवो पुढे 2024 मध्ये राष्ट्राध्यक्ष झाले. त्याचं श्रेय भाताला द्यावं असं मात्र कोणी सुचवलेलं नाही.

प्रश्न : उरलेल्या केचाप मानिसचं काय करू? – सावंतवाडीच्याच वाचक भगिनी

उत्तर : तळलेल्या टोफूवर बारीक चिरलेली मिरची, छोटा कांदा आणि लिंबाच्या रसात कालवून ओता. नाहीतर दाण्याचं कूट, थोडी मिरची-लसूण आणि गरम पाणी घालून चटणी करा, भाजलेल्या टेंपेबरोबर किंवा उकडलेल्या भाज्यांवर छान लागते. फक्त ही चटणी तव्यावर गरम करताना आच मंद ठेवा, गूळ पटकन जळतो.